दोन सिंगल गाद्या

४ फेब्रुवारी

प्रिय वहिनी,

दादाचा कागद पोचला. पत्र म्हणवत नाही म्हणून कागद म्हणते. "दोन सिंगल गाद्या हव्यात. मऊ नकोत. जुनी डबल गादी टेंपोने पाठवली आहे, तिचा कापूस चालत असेल तर वापर." खाली सही. तू कशी आहेस, मी कशी आहे, एक अक्षर नाही. सख्ख्या बहिणीला इतकं कोरडं माझा भाऊच लिहू जाणे. बसची वेळापत्रकं करून करून माणूसही तसाच झालाय.

फोन करणार होते, पण तुमचा फोन नेहमी तोच उचलतो आणि मला जे विचारायचंय ते त्याच्यादेखत तुला बोलता यायचं नाही. म्हणून लिहायला बसले.

वहिनी, तुमचं काही बिनसलंय का?

उगाच नाक खुपसत नाहीये. जुनी गादी काल उसवली. उसवण्याआधी गादीवरून हात फिरवायची माझी सवय तुला माहीत आहे. बाबांनी शिकवलं होतं, गिऱ्हाईक तोंडाने काहीही सांगो, जिथे माणूस निजतो तिथला कापूस दबून दगड होतो. तुमच्या गादीत दोन खड्डे आहेत, एक या कडेला, एक त्या कडेला, आणि मध्ये हा एवढा उंचवटा. तिथला कापूस इतका ताजा की पिंजायचीही गरज नाही. त्या जागेवर कितीतरी वर्षं कुणी हातसुद्धा टाकलेला दिसत नाही. आणि त्यावर आता या दोन सिंगल गाद्या. मी काय समजायचं?

दाभण म्हणते, मध्ये पडू नका. दाभण तुला आठवत असेल, आमच्या खोळी शिवते, वरच्या मजल्यावर माझ्याकडेच राहते. उंच, सरळ आणि टोचणारी, म्हणून कारखान्यात सगळे तिला दाभणच म्हणतात. मला म्हणाली, "तुम्ही कापूस पिंजा, माणसं पिंजू नका." पण मला राहवत नाही. तू या घरात आलीस तेव्हा कुठे आम्हाला जेवताना हसायची परवानगी मिळाली. तुमचं मोडलं तर दादा पार वाळून जाईल, आणि मला हक्काने भांडायला कोण उरेल?

तेव्हा दोन सिंगल गाद्या मी केलेल्या नाहीत. एकच डबल केली आहे, माझ्या हाताने, परवा टेंपोत चढवते. दादाला सांग, कारखान्यात गडबडीत चूक झाली. दोघं त्यावर झोपून बघा आणि खरं काय ते मला कळव.

काळजीत पडलेली,
तुझी नणंद

१९ फेब्रुवारी

प्रिय वन्सं,

गादी पोचली. रविवारी दुपारी पलंगावर टाकली. तुमचे दादा आधी आडवे झाले, मग मी झाले, आणि घरंगळत थेट त्यांच्या अंगावर गेले. उठले, पुन्हा कडेला झोपले, पुन्हा तेच. मग ते कडेला सरकायला गेले आणि माझ्यावर आले. मला वाटलं पलंगाचा पाय मोडला. त्यांनी खाली वाकून चारही पाय तपासले, पाण्याने भरलेला पेला फळीवर ठेवून बघितला. पलंग सरळ होता. शेवटी मीच गादीवरून हात फिरवला, तुमच्याच पद्धतीने. दोन्ही कडांना ठासून भरलंय आणि मध्ये हात आखडता घेतलाय. वन्सं, तुमच्या बाबांच्या नावाचा कारखाना आहे तो, आणि तुम्ही नवरा-बायको घसरून एकत्र यावीत म्हणून गादीला उतार ठेवता?

आम्ही इतके हसलो की शेजारणीने भिंत ठोकली. मग हसणं थांबलं आणि दुपार फार छान गेली. पण संध्याकाळी दोघांच्याही कमरा धरल्या, तेव्हा मला माझ्या दोन सिंगल गाद्या हव्याच आहेत. का हव्यात ते आता नीट ऐका.

तुम्ही गादी बरोबर ओळखलीत. तो उंचवटा खरा आहे, ती वर्षंही खरी आहेत. भांडण कधी झालं नाही, तसं झालं असतं तर बरं. मी पहाटे तलावावर पोहणं शिकवायला जाणार म्हणून दिवा लवकर बंद हवा, त्यांना पुस्तक वाचायचं. त्यांचं घोरणं, माझं पांघरूण ओढणं. एकमेकांच्या वाटेत येऊ नये म्हणून आम्ही कडा धरल्या आणि कडेलाच राहिलो. रोज शेजारी असलेल्या माणसाला हात लावायला काही निमित्त लागतं हेच विसरलो.

मग गेल्या हिवाळ्यात मला खोकला झाला आणि ते पुढच्या लहान खोलीत झोपायला गेले. खोकला गेला तरी तिथेच राहिले, कारण दोघांनाही झोप चांगली लागत होती. आणि एका रविवारी दारावर टकटक. दार उघडंच होतं, तरी टकटक. बघते तर तुमचे दादा. दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट, हातात काही नाही आणि त्या हातांचं काय करायचं ते कळत नाही. म्हणाले, "आत आलं तर चालेल का?"

इतक्या वर्षांच्या संसारात हे मला कुणी विचारलं नव्हतं. मी म्हटलं, या, बसा. तर हा माणूस खरंच खुर्चीवर बसला. शेवटी मीच उठले.

पुढचं सगळं लिहीत नाही, तुम्ही त्यांच्या बहीण आहात. पण थोडं लिहिल्याशिवाय मला राहवणार नाही. पोहून पोहून माझे खांदे रुंद झालेत, मला त्यांची लाज वाटायची, ब्लाउज शिवणारीसुद्धा दर वेळी टेप लावून "अरे बापरे" म्हणते. त्या खांद्यावर त्यांनी गाल टेकला आणि म्हणाले, इथे तीळ आहे, नवा आला का? मी म्हटलं, लग्नाआधीपासून आहे. त्यांना फार वाईट वाटलं. ते वाईट वाटणं त्यांनी कसं भरून काढलं ते माझ्यापाशी राहू द्या.

माझं अंगही आता पूर्वीचं नाही, वन्सं. कधी आतून भट्टी पेटते, कधी नुसता कोरडेपणा, घाईचं काही म्हणून सोसत नाही. तर आम्ही घाई सोडून दिली. कधी ते माझे ओले केस विंचरून देतात, मी त्यांच्या पायांना तेल चोळते आणि तेवढ्यावर दोघं तृप्त होतो. कधी होत नाही, मग बराच वेळ जातो. कधी मी जाते त्यांच्या दारात, आणि ते पुस्तक इतक्या घाईने मिटतात की खूण ठेवायचं राहून जातं. "आज नको" म्हटलं तर समोरचा शीळ घालत परत जातो, कारण उद्या पुन्हा विचारता येतं. आयुष्यभर बसच्या वेळा ठरवणारा माणूस, पण येतो कधी ते मला आधी कळत नाही. त्याची वाट बघण्यात जी मजा आहे ती लग्नाच्या पहिल्या वर्षीही नव्हती.

म्हणून दोन गाद्या. समजलं?

आता तुम्ही माझ्या गादीत हात घातलाच आहे, तर मीही एक बोलते आणि मग गप्प बसते. मागच्या वेळी मी तुमच्याकडे राहिले तेव्हा वरच्या मजल्यावर दोन खोल्या, दोन सिंगल गाद्या होत्या. एक तुमची, एक दाभणबाईंची. मला कापसातलं काही कळत नाही. पण चादरी बदलताना दोन्हीवर बसले, आणि दाभणबाईंच्या खोलीतली गादी दुकानात मांडलेल्या गादीसारखी होती. त्यावर कुणी कधी निजलेलं नव्हतं. तेव्हा बोलले नाही. मला आनंद झाला होता, तो सांगावा की नाही हे कळलं नाही.

तुमची वहिनी

२ मार्च

वहिनी,

दोन सिंगल गाद्या आज रवाना केल्या. कडक भरल्या आहेत. उताराबद्दल माफी असावी, माझंच चुकलं. दादा सुखात आहे हे वाचून मला किती बरं वाटलं ते लिहिता येत नाही. तीळ प्रकरण मी विसरायचा प्रयत्न करते आहे.

डबल गादी परत पाठवू नकोस, टेंपोवाला उगाच तोंड वाकडं करतो.

त्या दुसऱ्या खोलीतली गादी नवी होती, म्हणून सपाट असेल.

इकडे काम फार आहे. लग्नसराईची गिऱ्हाइकं. परवा एक निवृत्त मास्तर आले, बायको जाऊन बरीच वर्षं झालीत, म्हणाले सगळ्यात रुंद गादी करा. मी विचारलं, कोण येणार आहे? म्हणाले, कुणी नाही. मला हातपाय पसरून झोपायचंय, मध्यभागी, उन्हात वाळवलेल्या चादरीवर, अंगावर काही न घालता. हे सांगताना लाजले नाहीत. मी त्यांना उत्तम कापूस दिला. एक जोडपं आलं, दोघंही काठी टेकत, त्यांना गादी नकोच होती, फक्त दोन गाद्यांच्या मधली फट बुजवायला पट्टी हवी होती, कारण हात धरून झोपतात आणि मनगट फटीत अडकतं. लोकांना काय काय हवं असतं, वहिनी, आणि मागताना किती बरी दिसतात.

असो.

तुझी नणंद

११ मार्च

प्रिय वन्सं,

गाद्या फक्कड झाल्यात. तुमच्या दादांनी स्वतःची स्वतः उचलून नेली आणि दिवसभर कुणाला टेकू दिलं नाही.

तुमचं पत्र वाचलं. मी विचारणार नाही म्हटलं होतं, विचारत नाही. मी कुणाला काही सांगितलेलं नाही, तुमच्या दादांनासुद्धा. ते सांगायचं की नाही हे तुमचं आहे.

पण मास्तरांची गोष्ट तुम्ही ज्या आनंदाने सांगता, त्यावर माझीही एक घ्या. माझ्या बायकांच्या वर्गात एक आजी आहेत, सत्तरीच्या. पहिले काही दिवस काठ सोडेनात. मी पाठीखाली हात धरला, म्हटलं, डोकं मागे टाका, पाणी धरतं. एकदा त्या तरंगल्या आणि मी हात काढून घेतला. बराच वेळ तशाच राहिल्या, डोळे मिटून. बाहेर आल्यावर म्हणाल्या, मला आजवर कुणी सगळीच्या सगळी धरलं नव्हतं. आणि मग कपडे बदलायच्या खोलीत गाणं म्हणत होत्या, मोठ्याने, टॉवेल खांद्यावर टाकून.

मला वाटतं, ज्याला असं धरणारं मिळालंय त्याने ते लपवत बसू नये. लपवण्यात फार ताकद जाते.

मेमध्ये तुम्ही दोघी या. दर वेळी तुम्ही एकट्या येता आणि दोन दिवसांत परत जायची घाई करता. मागच्या खोलीत तुमची उताराची डबल गादी टाकली आहे. खोली एकच देईन, गादीही तीच मिळेल. कंबर धरली तर तक्रार करणाऱ्याने स्वतःच्या हातांना बोल लावावा.

तुमची वहिनी

३० मार्च

प्रिय वहिनी,

इतके दिवस लिहिलं नाही. चार वेळा लिहिलं आणि फाडलं. आज दाभण समोर बसली आहे, म्हणते, हे फाडलंत तर मी खोळी उलट्या शिवेन.

ती गादी नवी नव्हती. आमच्या घरातली सगळ्यात जुनी गादी आहे ती. दर वर्षी मी तिची खोळ बदलते, म्हणजे कुणी बघितलं तर वापरातली वाटावी. गाद्यांचा धंदा करते, दुसऱ्यांचे खड्डे हाताने ओळखते, आणि माझ्या घरातली गादी तू नुसती बसून ओळखलीस. हसावं की रडावं कळेना. दोन्ही झालं.

कसं सुरू झालं ते सांगते, कारण आजवर सांगायला कुणी नव्हतं. पिंजणीच्या दिवशी माझ्या भुवयांत, पापण्यांत, कानांमागे कापूस बसतो. संध्याकाळी ती मला खिडकीत बसवून तो वेचायची. मी म्हणायचे, धुतल्यावर जाईल. ती म्हणायची, गप्प बसा. सुई धरून तिच्या बोटांची टोकं खरखरीत झाली आहेत, आणि त्या बोटांनी ती इतकं हलकं वेचते की मला श्वास घ्यायचं भान राहत नाही. पुढे पुढे कापूस नसायचा तरी वेचायची. मीही मुद्दाम पिंजणीपाशी जास्त वेळ उभी राहू लागले. आम्ही दोघी चाळिशी ओलांडलेल्या बाया, आणि अंगावर काटा यायचा शाळकरी मुलींसारखा. अजून येतो. तिच्या मानेला नव्या कापडाचा वास येतो, खळीचा, आणि दुकानात ताग्याची घडी उलगडली की मी भर गिऱ्हाइकात लाल होते. एवढं लिहिलं ते पुरे. तुझ्या तिळाची फिटंफाट झाली.

मला भीती एकाच माणसाची आहे. लोकांचं मी बघून घेईन, लोकांना गाद्या लागतातच. पण दादा. आई गेल्यावर माझ्या शाळेचे डबे त्याने भरलेत. तो माझ्याकडे बघायचा थांबला तर मी कुठे जाऊ? म्हणून इतकी वर्षं ती गादी तशी ठेवली.

सोबत एक बंद पाकीट आहे. दादाचं. त्याच्या हातात दे आणि तो वाचत असताना समोर बसू नकोस. तो काय म्हणाला ते त्यानेच लिहावं. काहीच म्हणाला नाही तर तेही मला कळेल.

नणंद

१२ एप्रिल

प्रिय ताईसाहेब,

(लहान असून तू लहानपणापासून माझ्यावर हुकूम चालवतेस म्हणून ताईसाहेब.)

तुझं पत्र वाचलं. मग तलावावर गेलो, तुझी वहिनी वर्ग घेत होती, काठावर बूट घालून उभा राहिलो आणि मला बाहेर काढलं गेलं. मग घरी येऊन पुन्हा वाचलं.

मला राग आला. तू म्हणतेस मी तुझ्याकडे बघायचा थांबलो असतो. तुझे डबे भरत होतो तेव्हा तुला भेंडी आवडत नाही हे न सांगता कळलं होतं. मग हे मला कळायला नको होतं का, याचा राग आला. तो माझ्यावर आहे. मी तुमच्याकडे येतो तेव्हा जेवताना त्या बाई तुझ्या ताटातलं तुला नको ते न विचारता उचलून घेतात, हे मी बघितलेलं आहे. बघून काही सुचलं नाही. मला इकडे समोरच्या दारावर टकटक करायला किती वर्षं लागली ते तुला ठाऊक असेलच. तुझी वहिनी तुला सगळं लिहिते असं दिसतं.

माझी अडचण वेगळी आहे. त्यांना मी हाक काय मारू? दाभण म्हणणं बरं दिसत नाही. त्या माझ्याहून मोठ्या की लहान? वय कळव. त्याशिवाय मला दारात काय बोलायचं ते ठरवता येणार नाही आणि मी गोंधळ घालेन.

गाडी कितीची ते लिही. मी उतरवून घ्यायला येतो.

दादा

ता. क. सिंगल गादी उत्तम. आभार लिहायचे राहिले होते.

२० मे

प्रिय वहिनी,

हे पत्र माझं आहे, दाभणचं. तुमच्या नणंदबाई म्हणाल्या मी लिहिते, मी म्हटलं या वेळी मी लिहिणार. माझं अक्षर टाक्यांसारखं आहे, चालवून घ्या.

तुमच्याकडचे आठ दिवस संपले आणि आम्ही काल पोचलो. गादीची तक्रार करायची नाही असं ठरलं होतं, पण मी शिवणारी आहे, खोळीला दोष नाही, भरणाऱ्याला आहे. दोघी रोज सकाळी मधल्या खड्ड्यात सापडायचो.

तुमच्याकडे येताना गाडीत या इतक्या घाबरल्या होत्या की दोनदा म्हणाल्या, पुढच्या स्टेशनवर उतरू आणि परत जाऊ. मी खिडकीबाहेर बघत बसले, कारण घाबरले मीही होते. मला कुणाच्या घरी जायची सवय राहिलेली नाही. माझा धाकटा भाऊ आहे. मी यांच्याकडे राहायला आले तेव्हापासून त्याने माझं तोंड बघितलेलं नाही. हे मी यांनाही फारसं सांगत नाही. रडून काय होतं म्हणून टाके घालत राहते.

आणि तुमचे हे फलाटावर उभे, इस्त्रीचा शर्ट, ओठ हलतायत, पाठ केलेलं म्हणून बघतायत. आधी बहिणीकडे गेलेच नाहीत. सरळ माझ्यापुढे आले, माझ्या हातातली पिशवी घेतली आणि म्हणाले, "या ताई. प्रवास नीट झाला ना?" बाकीचं पाठ केलेलं विसरले. मग बहिणीच्या डोक्यावर टपली मारली आणि तिला जवळ घेतलं, आणि मी तिथे फलाटावर उभी राहून रडले. मला ताई म्हणणारं कुणी उरलं नव्हतं. तुम्ही मला धरून ठेवलंत, तुमचे खांदे खरोखरच रुंद आहेत, त्याबद्दल त्या ब्लाउजवालीचं काही ऐकू नका. तुमची मापं मी घेऊन आले आहे, यापुढे मी शिवणार.

मी हे ज्यासाठी लिहायला बसले ते सांगते. आमच्या घरात सकाळी जिन्यावर पाऊल वाजलं, की मग ती मोलकरीण असो, पेपरवाला असो, की मांजर, यांचा हात माझ्या अंगावरून निघतो. झोपेतसुद्धा निघतो. जागं व्हायच्या आधी निघतो. इतक्या वर्षांत मी त्याबद्दल कधी बोलले नाही, कारण तो निघाला नाही तर काय होईल हे मलाही माहीत होतं. पण वहिनी, दर सकाळी त्या जागी गार लागतं.

तुमच्याकडच्या दुसऱ्या सकाळी तुम्ही तलावावरून आलात आणि चहाचे कप घेऊन खोलीत आलात, ओल्या केसांनी, काहीतरी गुणगुणत. दार आम्ही लावलंच नव्हतं. मी जागी होते. तुमची चाहूल लागली तशी मी अंग आवळून वाट बघत राहिले, की आता निघेल. यांनी डोळे उघडले, तुमच्याकडे बघितलं, "ठेव तिथे, वहिनी" म्हणाल्या, आणि पुन्हा झोपी गेल्या.

हात तिथेच होता. चहा गार होईस्तोवर मी हलले नाही.

तुमची,
आता तुम्हीच काय ते नाव द्या